एकाच कबरीत दोन मित्र: सोळाव्या-सतराव्या शतकातली पुरुषांची मैत्री, प्रेम आणि कायदा

टेम्सकाठचा

केंब्रिजला ख्राइस्ट्स कॉलेजच्या चॅपेलमधे सर जॉन फिंच आणि सर थॉमस बेन्स यांचं जोडस्मारक आहे. लोक त्या कॉलेजात मिल्टन आणि डार्विनसाठी येतात आणि हे तसंच बघायचं राहून जातं. दोघं केंब्रिजलाच भेटले, मग इटलीत पाडुआला जाऊन डॉक्टर झाले, फिंच पिसाला अ‍ॅनाटॉमी शिकवायचा, पुढे टस्कनीच्या दरबारात इंग्लंडचा प्रतिनिधी झाला, १६७४ पासून इस्तंबूलला ऑटोमन सुलतानाकडे राजदूत होता, आणि या सगळ्या ठिकाणी बेन्स त्याच्याबरोबर. लग्न दोघांनीही केलं नाही. सप्टेंबर १६८१ मधे बेन्स इस्तंबूलला वारला. फिंचने त्याचा देह मसाले घालून टिकवला आणि जहाजाने इंग्लंडला आणला, पुढच्याच वर्षी नोव्हेंबरात तो स्वतः गेला आणि दोघांना त्या चॅपेलमधे एकत्र पुरलं.

स्मारकावर दोघांचे चेहरे शेजारी शेजारी कोरलेत आणि दोघांना जोडणारं गाठ मारलेलं वस्त्र आहे. आपल्या माणसाला ते बघून आंतरपाट खाली गेल्यावर शेल्याला मारतात ती गाठच आठवणार. लेख लिहिलाय हेन्री मोर या तत्त्वज्ञाने, त्याचा मतलब असा की ज्यांनी जिवंतपणी आपल्या आवडी, पैसाअडका, सल्लामसलत, इतकंच काय आत्मेही एक केले, त्यांनी मेल्यावर आपली रक्षाही एक करावी. आणि फिंचने बेन्ससाठी जो मृत्युलेख लिहिला त्यात या नात्याला सरळ आत्म्यांचा अखंड विवाह म्हटलंय. आणि ते स्मारक चॅपेलमधे, देवासमोर, उघड. कुणी लपवलं नाही, कुणी आक्षेप घेतला नाही.

आणि याच देशात तेव्हा पुरुषाने पुरुषाशी संबंध ठेवला तर फाशी होती.

मला या दोन गोष्टी एकत्र कशा नांदल्या हे समजून घ्यायचंय. अ‍ॅलन ब्रे म्हणून एक इंग्लिश इतिहासकार होता, पेशाने सरकारी नोकर, २००१ मधे वारला, त्याने आयुष्यभर हाच प्रश्न धरून ठेवला. त्याचं म्हणणं थोडक्यात असं की त्या काळी पुरुषांच्या मैत्रीच्या खुणा सार्वजनिक होत्या. मिठी, चुंबन, एका बिछान्यात झोपणं, "माझ्या जिवलगा" छापाची पत्रं, हे सगळं चारचौघात दाखवायचं, कारण कुणाची कुणावर मर्जी आहे हे त्यातूनच जगाला कळायचं. आणि कायद्यातला जो 'सोडोमाइट', म्हणजे पुरुषाशी संबंध ठेवणारा गुन्हेगार, होता तो लोकांच्या डोक्यात वेगळाच प्राणी होता, राजद्रोही, चेटूक करणारा, पोपचा हस्तक. आपल्या शेजारी गळ्यात गळा घालून उभा असलेला तोच असेल असं कुणाच्या मनातही यायचं नाही. माझं मत विचाराल तर हे चित्र बरोबर आहे, पण या चित्राच्या आडून दोन माणसांचं प्रेम पुसून टाकायचं काम आपण करू नये. दोन्ही एका वेळी खरं असू शकतं.

---

रानवारा

लेख आवडला, पण मला वाटतं तुम्ही जरा जास्तच अर्थ काढताय. तेव्हा घरांत कॉरिडॉर नव्हते, एका खोलीतून दुसऱ्या खोलीत जायचं, थंडी मरणाची, पलंग आणि गादी म्हणजे घरातली सगळ्यात महागडी वस्तू, खुद्द शेक्सपियरने १६१६ च्या मृत्युपत्रात बायकोला पलंग दिल्याची नोंद आहे. मग मालक आणि नोकर, गुरू आणि शिष्य, प्रवासातले दोन अनोळखी, सगळे एकाच अंथरुणात झोपणारच की. त्यात प्रेम कुठून आलं?

---

टेम्सकाठचा

@रानवारा तुमचं अर्धं मान्यच आहे. झोपायचे ते जागेअभावी हे खरं. पण कोण कुणाशेजारी झोपतो याला अर्थ होता, तोही मोठा. एकच उदाहरण देतो. विल्यम लॉड, जो पुढे कँटरबरीचा आर्चबिशप झाला, तो २१ ऑगस्ट १६२५ च्या डायरीत लिहितो की रात्री स्वप्नात ड्यूक ऑफ बकिंगहॅम माझ्या बिछान्यात आला, माझ्याशी फार मायेने वागला, आणि खोलीत पुष्कळ लोक आले आणि त्यांनी ते पाहिलं. शेवटचं वाक्य परत वाचा. बिशप माणूस, डायरीत लाज नाही की भीती नाही, उलट लोकांनी पाहिलं हीच त्यातली सुखाची गोष्ट. बकिंगहॅम म्हणजे राज्यातला राजाखालोखाल मोठा माणूस, त्याने आपल्याला बिछान्यात घेतलं हे चारजणांनी बघणं म्हणजे नशीब उघडलं.

आता हाच बकिंगहॅम आणि राजा पहिला जेम्स यांचं बघू. जॉर्ज व्हिलियर्स हा साध्या घराण्यातला पोरगा, ऑगस्ट १६१४ मधे अ‍ॅपथॉर्पच्या हवेलीत राजाच्या नजरेस पडला. आर्चबिशप अ‍ॅबटने आणि राणी अ‍ॅनने मिळून त्याला पुढे केलं, कारण त्यांना आधीचा लाडका रॉबर्ट कार नको होता. म्हणजे बघा, राणी स्वतः. १६१५ मधे तो राजाच्या शयनगृहाचा मानकरी, १६१७ मधे अर्ल, १६१८ ला मार्क्विस, १६२३ ला ड्यूक. १६१७ मधे जेम्सने प्रिव्ही कौन्सिलसमोर म्हटलं की ख्रिस्ताला त्याचा लाडका शिष्य जॉन होता तसा मला माझा जॉर्ज आहे. मंत्रिमंडळासमोर! आणि खासगी पत्रात राजा त्याला लिहितो की या नाताळात आपण नव्याने लग्न करू, आणि शेवटी त्याला माझं गोड लेकरू, माझी बायको म्हणतो आणि स्वतःला तुझा बाप आणि नवरा. उलट बाजूने बकिंगहॅमचं पत्र आहे, त्यात तो विचारतो की तुम्ही आता माझ्यावर फार्नहॅमला केलं होतं त्याहून जास्त प्रेम करता का, जिथे मालक आणि त्याचा कुत्रा यांच्यामधे पलंगाचं उशीकडचं टोक सापडत नव्हतं. कुत्रा म्हणजे तो स्वतः, राजाशी बोलताना तो स्वतःला असंच म्हणवायचा. हे पत्र वाचल्यावर थंडी आणि जागेची टंचाई एवढंच कारण मला तरी पटत नाही.

---

मुक्ता_७

मला या सगळ्या चर्चेत एकच गोष्ट खटकते ती लिहिते. राजा जेम्स आणि राणी अ‍ॅन यांचं प्रेम होतं का, शरीरसंबंध होते का, असा धागा कुणी काढत नाही. सात मुलं झाली म्हणून गृहीत. पण लग्न झालेल्या किती जोडप्यांच्या बाबतीत आपण पत्राचा पुरावा मागतो? एखाद्या पुरुषाने बाईला "तुझ्याशिवाय विधवेचं आयुष्य जगण्यापेक्षा..." असं लिहिलं असतं तर इतिहासाच्या पुस्तकात सरळ प्रेमपत्र म्हणून छापलं असतं. आणि जेम्सने बकिंगहॅमला त्याच नाताळच्या पत्रात जवळजवळ हेच लिहिलंय, की तुझ्याविना दुःखी विधवेसारखं जगण्यापेक्षा तुझ्याबरोबर जगाच्या कुठल्याही कोपऱ्यात देशोधडीला लागून राहीन. पुरुषाने पुरुषाला लिहिलं की लगेच 'त्या काळची भाषाच तशी होती'. भाषा तशी होती हे मान्य, पण त्या भाषेत खरं प्रेम करणारे पण बोलत असतीलच ना, त्यांना दुसरी भाषा होती कुठे?

फिंच-बेन्स दोघं आयुष्यभर बरोबर राहिले, एकत्र पुरून घेतलं. मी त्याला संसार म्हणते. बिछान्यात काय झालं हे मला विचारायचं नाही, कारण मी ते कुठल्याच नवराबायकोला विचारत नाही.

---

टेम्सकाठचा

@मुक्ता_७ हे फार नेमकं मांडलंत. एक भर घालतो, याच जेम्सने १५९९ मधे आपल्या मुलाला राज्य कसं करावं हे शिकवायला पुस्तक लिहिलं, त्यात राजाने कधीही माफ करू नयेत अशा गुन्ह्यांची यादी आहे: चेटूक, ठरवून केलेला खून, विषप्रयोग वगैरे, आणि त्यात सोडोमीही आहे. तो ढोंगी होता असं मला वाटत नाही. आपण जे करतोय ते 'तो' गुन्हा आहे असं त्याला वाटतच नसावं.

---

वकील_नागपूर

कायद्याच्या बाजूने थोडं. १५३३ मधे आठव्या हेन्रीच्या पार्लमेंटने हा कायदा केला. त्याआधी हे पाप चर्चच्या कोर्टाकडे होतं, हेन्रीने ते राजाच्या कोर्टात आणलं, शिक्षा फाशी आणि मालमत्ता जप्त. राणी मेरीच्या राज्यात १५५३ ला रद्द झाला, राणी एलिझाबेथच्या पार्लमेंटने १५६३ ला परत आणला. एडवर्ड कोकसारखा कायदेपंडित लिहितो की ख्रिश्चनांमधे ज्याचं नावही घेऊ नये असं हे पाप. पण एवढा कडक कायदा असून त्या शंभर-दीडशे वर्षांत खटले फार थोडे, आणि जे मोठे खटले झाले त्यात कायम दुसरं काहीतरी चिकटलेलं. लॉर्ड हंगरफर्डला जुलै १५४० मधे, हेन्रीचा मंत्री थॉमस क्रॉमवेल याला मारलं त्याच दिवशी, मारलं, आरोप काय तर राजद्रोह, चेटूक आणि हे. धागाकर्त्यांनी सांगितलेली ब्रेची मांडणी इथे तंतोतंत बसते.

दुसरा १६३१ चा अर्ल ऑफ कॅसलहेवनचा. त्याच्यावर नोकराकरवी स्वतःच्या बायकोवर बलात्कार करवल्याचा आरोप होता आणि नोकरांशी संबंधांचाही. २७ सरदार न्यायाला बसले, सोडोमीवर मत पडलं १५ विरुद्ध १२. म्हणजे बारा जणांना पटलं नाही. तरी डोकं उडवलं. आणि त्याच्यावर खटला भरवला कुणी? त्याच्या स्वतःच्या मुलाने, कारण बाप त्याच्या वाट्याची इस्टेट एका लाडक्या नोकराच्या घशात घालत होता. इस्टेटीचा मामला नसता तर हा माणूस कोर्टात आलाच नसता असं मला तरी वाटतं.

---

सावित्री_न

वकीलसाहेब, कॅसलहेवनच्या खटल्यात पुढे काय झालं तेही सांगा ना. लॉरेन्स फिट्झपॅट्रिक नावाचा नोकर. त्याने मालकाविरुद्ध साक्ष दिली, माझे आणि मालकाचे संबंध होते म्हणून, आणि मालकाला मारल्यावर त्याच साक्षीच्या जोरावर त्यालाही फासावर दिलं. म्हणून मला हे 'मैत्रीचं सुंदर युग' वगैरे ऐकवत नाही. दोन 'सर' पदवीचे विद्वान एकत्र पुरले जातात आणि नोकर फासावर जातो. बरोबरीच्या दोन पुरुषांनी केलं तर मैत्री, देखणं शिल्प, लॅटिन ओळी. खालच्या माणसाने वरच्याशी केलं आणि बातमी फुटली की गुन्हा. आणि नोकराला "नाही" म्हणायची सोय किती होती हेही कुणी विचारत नाही. एकाच बिछान्यात झोपायचं त्यात त्याची मर्जी कोण विचारणार होतं?

बायकांबद्दल तर या धाग्यात ओळ नाही. वेस्टमिन्स्टर अ‍ॅबीत मेरी केंडल हिचं स्मारक आहे, ती १७१० मधे वारली. त्यावर लिहिलंय की लेडी कॅथरीन जोन्सबरोबर ती ज्या घट्ट जवळिकीत आणि मैत्रीत राहिली त्यामुळे तिची इच्छा होती की मेल्यानंतरही दोघींची रक्षा वेगळी होऊ नये. १५३३ चा कायदा बायकांच्या आपसातल्या संबंधांना लागूच नव्हता, त्यामुळे त्यांची कागदपत्रंही कमी आणि इतिहासही.

---

टेम्सकाठचा

@सावित्री_न ताई, मान्य आणि मनापासून. मैत्रीचा जो आदर्श तेव्हा सगळे लिहीत होते तो 'बरोबरीचे दोघं' असाच होता, आणि प्रत्यक्षात सगळे आश्रयदाते आणि आश्रित. बकिंगहॅमने स्वतःला कुत्रा म्हणवून घेतलं यातच सगळं आलं. केंडल-जोन्स मला माहीत होतं पण इथे आणलं तुम्ही, बरं झालं.

---

पानवाला_वाचक

फ्रान्सकडेही वळा की. फ्रेंच निबंधकार माँतेनचा मैत्रीवरचा निबंध १५८० चा. त्याचा मित्र एत्येन द ला बोएसी १५६३ मधे बत्तिसाव्या वर्षी गेला, मैत्री टिकली जेमतेम चार-पाच वर्षं, आणि माँतेन उरलेलं आयुष्य त्याच्यावर लिहीत राहिला. १५८० च्या आवृत्तीत एवढंच आहे, की आमचं का जमलं हे सांगता येत नाही. त्याचं उत्तर त्याने नंतर स्वतःच्या छापील प्रतीच्या समासात हाताने लिहिलं. ती प्रत बोर्दोत जपून ठेवलीय. त्यात आधी लिहिलंय "कारण तो तो होता", आणि मग वेगळ्या शाईत, म्हणजे नंतर कधीतरी, "कारण मी मी होतो". मित्र जाऊन पंचवीसेक वर्षं झालेली असताना हा माणूस परत त्याच ओळीवर येऊन अर्धं वाक्य जोडतो. मला हे वाचून काय वाटलं ते लिहिता येत नाही.

पण त्याच निबंधात तो म्हणतो की ग्रीकांचा पुरुष आणि पोरगे यांच्यातल्या संबंधांचा जो प्रकार होता त्याचा आपल्या रीतीभाती तिरस्कार करतात आणि ते योग्यच आहे. आणि मार्च १५८१ मधे रोमला गेला तेव्हा त्याच्या प्रवासाच्या वहीत नोंद आहे, सान जोव्हान्नी आ पोर्ता लातिना या चर्चमधे काही वर्षांपूर्वी काही पोर्तुगीज पुरुषांनी आपसात लग्नं लावली, आपण लावतो तशाच विधीने, 'मास' या चर्चमधल्या उपासनेत, तेच मंत्र म्हणून, आणि मग एकत्र राहायला लागले. आठ-नऊ जणांना जाळलं. ही १५७८ ची घटना. माँतेन ही नोंद करतो तेव्हा शिव्या घालत नाही, संताप नाही, नुसतं सांगतो.

---

रानवारा

हे रोमचं मला अजिबात माहीत नव्हतं. म्हणजे लग्नाचे विधी करणारे साधे लोक होते आणि त्यांना जाळलं, आणि इकडे राजा "आपण लग्न करू" लिहितो आणि काही होत नाही. मग मघाशी सावित्रीताई म्हणाल्या तेच खरं, माणूस कोण आहे यावर सगळं. जागेच्या टंचाईचा माझा मुद्दा मी मागे घेत नाही पण तो पुरेसा नाही एवढं कबूल.

---

मुक्ता_७

आणि मग हे सगळं बंद कधी झालं? म्हणजे पुरुषांनी चारचौघात चुंबन घेणं, एकत्र झोपणं याची इंग्लंडमधे लाज वाटायला कधी लागली?

---

टेम्सकाठचा

साधारण १७०० च्या पुढेमागे बदल दिसतो. लंडनमधे 'मॉली हाउस' म्हणतात ती ठिकाणं उघड झाली, म्हणजे दारूचे गुत्ते किंवा खासगी घरं जिथे असे पुरुष जमायचे, नाचायचे, एकमेकांना बायकांच्या नावाने हाका मारायचे, खोटी लग्नं लावायचे. फेब्रुवारी १७२६ मधे मार्गारेट क्लॅप नावाच्या बाईच्या घरावर धाड पडली, पुष्कळ लोक धरले, आणि मे महिन्यात तिघांना लंडनच्या टायबर्न या फाशीच्या जागी फाशी दिली: गॅब्रिएल लॉरेन्स, विल्यम ग्रिफिन, थॉमस राइट. लॉरेन्स गवळी होता, राइट लोकर विंचरणारा, ग्रिफिन खुर्च्या-गाद्यांची गवसणी करणारा. आता लोकांच्या डोळ्यांसमोर एक चेहरा आला, शेजारच्या गल्लीतला, राजद्रोही नाही की जादूगार नाही. आणि तो चेहरा आल्यावर प्रत्येक मिठीवर संशय. त्याच सुमारास सभ्य इंग्लिश पुरुष चुंबन सोडून हात मिळवायला लागले. म्हणजे ज्या खुणांनी फिंच-बेन्स सन्मानाने पुरले गेले त्याच खुणा पन्नास वर्षांत पुरावा म्हणून कोर्टात येऊ लागल्या.

---

वकील_नागपूर

आणि त्याचं शेपूट आपल्यापर्यंत आलं. इंग्लंडमधे या गुन्ह्यासाठी शेवटची फाशी १८३५ ला, फाशीची तरतूद गेली १८६१ ला. पण आपल्याकडे मेकॉलेच्या मसुद्यावरून १८६० ला दंडविधान झालं, १८६२ पासून लागू, त्यात कलम ३७७, 'निसर्गक्रमाविरुद्ध' वगैरे, शिक्षा जन्मठेप किंवा दहा वर्षांपर्यंत कैद. १५३३ चीच वळवलेली आवृत्ती. तिकडे इंग्लंड-वेल्समधे १९६७ मधे अंशतः सुटका झाली, इकडे सज्ञान माणसांच्या संमतीच्या संबंधांना त्या कलमातून सुप्रीम कोर्टाने बाहेर काढलं ते ६ सप्टेंबर २०१८ ला. जे लोक मला सांगतात की हे सगळं पाश्चात्य फॅड आहे त्यांना मी एवढंच सांगतो की फॅड नाही हो, पाश्चात्य आहे तो कायदा.

---

पानवाला_वाचक

एकत्र पुरण्याची पद्धत पण बंद झाली का मग?

---

टेम्सकाठचा

पूर्ण नाही. इंग्लंडमधला कॅथलिक धर्मगुरू कार्डिनल न्यूमन १८९० मधे वारला, त्याने लेखी बजावून ठेवलं होतं की मला माझा मित्र अ‍ॅम्ब्रोज सेंट जॉन याच्या कबरीतच पुरा, आणि बर्मिंगहॅमजवळ रेडनलला तसंच पुरलं. २००८ मधे त्याला संत करायच्या तयारीत कॅथलिक चर्चने ती कबर उघडली, अवशेष शहरातल्या चर्चमधे हलवायचे होते. त्यावर इंग्लंडमधे बराच वाद झाला की त्याची स्पष्ट इच्छा असताना मित्रापासून वेगळं का करताय.

---

सावित्री_न

चर्चने काय उत्तर दिलं?

---

टेम्सकाठचा

की संताचे अवशेष भक्तांना दर्शनासाठी जवळ असावेत, आणि ती फक्त मैत्री होती. हे 'फक्त' मला पटत नाही. न्यूमनने स्वतः लिहून ठेवलंय की नवरा किंवा बायको गमावल्याच्या दुःखाला तोड नाही असं मला नेहमी वाटायचं, पण माझ्या या दुःखापेक्षा कुणाचं दुःख मोठं असेल हे मानणं मला जड जातं.

---

मुक्ता_७

मग मी वर लिहिलं त्यावर ठाम आहे. माणूस स्वतः आपलं दुःख बायको गेल्याच्या दुःखाशेजारी ठेवतोय, फिंच स्वतः विवाह म्हणतोय, जेम्स स्वतः बायको म्हणतोय. त्यांनी जे नाव दिलं ते त्यांना असू द्या. @टेम्सकाठचा, केंब्रिजच्या फिट्झविल्यम म्युझियममधे कार्लो डोल्चीने काढलेली फिंच आणि बेन्सची चित्रं आहेत ना? पुढच्या वेळी गेलात तर दोघांच्या चित्रांबद्दल सविस्तर लिहा, वेगळा धागा काढा.

---

टेम्सकाठचा

हो, तिथेच आहेत. दोघं फ्लॉरेन्सला असताना, १६६५ ते ७० च्या दरम्यान काढलेली. लिहितो नक्की, डोल्चीवर थोडं वाचून घेतो आधी.